सव्वा मूठ गहू

तीस वर्षं मी दुसऱ्यांची गावं चित्रित करत हिंडले. मंगोलियात घोडीचं आंबवलेलं दूध प्यायले, बोलिव्हियातल्या मिठाच्या मैदानावर नाकाची साल काढून घेतली, लडाखात बॅटऱ्या गोठू नयेत म्हणून त्या पोटाशी धरून झोपले. माहितीपट म्हटलं की लोकांना जांभई येते, हे मला ठाऊक आहे. मला मात्र या धंद्यानं जग दाखवलं आणि भाकरीही दिली, त्यामुळे माझी काही तक्रार नाही.

तक्रार निघाली ती जॉर्जियातल्या एका डोंगरी खेड्यात. तिथल्या एका म्हातारीनं भट्टीतून काढलेला गरम पाव माझ्या हातावर ठेवला आणि दुभाष्याकडून विचारलं, "तुझ्या गावी सणाला काय भाजतात?"

"रोट," मी ऐटीत म्हटलं.

"कसा लागतो?"

मला आठवेना. ज्या बाईनं अर्ध्या जगाच्या चुली कॅमेऱ्यात धरल्या, तिला स्वतःच्या घरच्या रोटाची चव सांगता येईना. त्या दिवशी मला माझाच राग आला.

ज्यांनी खान्देश पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगते. कानबाई ही आमची देवी. श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी ती घरी बसते आणि सोमवारी सकाळी नदीला जाते. तिचा नैवेद्य म्हणजे रोट, गव्हाच्या पिठाची जाड, गोडसर भाकरी. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ गहू मोजायचा, त्याचंच पीठ करायचं, आणि तो रोट फक्त घरातल्यांनी आणि भाऊबंदांनी खायचा. बाहेरच्याच्या तोंडात एक कण जायला नको. आमच्या घरात लग्न होऊन गेलेली लेकही बाहेरचीच धरतात. माझं सासर कोकणातलं, तिकडे कानबाई नाही. म्हणजे माहेरचा रोट बंद झाला आणि सासरी रोटच नाही. बाविसाव्या वर्षी शेवटचा खाल्ला होता, चव राहणार कुठून?

परत आल्यावर धरणगावजवळच्या आमच्या गावी नानांना फोन केला. नाना माझे धाकटे काका, घरातले कर्ते. मला रोटाचा सगळा प्रवास चित्रित करायचा होता, मूठ मोजण्यापासून नदीपर्यंत. या वेळी पाठीशी कुठलीही वाहिनी नव्हती, फिल्म माझी होती. रोट नसता तर फिल्मच नव्हती.

नाना म्हणाले, "कॅमेरा आन, माले काही अडचन नही. पन एक ध्यानमा ठेव पोरी, रोटले बाहेरना हात लागाले नको. लागना तं मी तठेच कॅमेरा बंद करसू."

बुधवार, धुळे

बरोबर कुट्टन होता. पालघाटचा हा माणूस पंचवीस वर्षं माझ्या फिल्मांचा आवाज टिपतो आहे. बोलतो कमी, ऐकतो जास्त आणि जेवतो भरपूर. मराठी त्याला कळतं म्हणतो, पण नक्की किती ते मला आजवर कळलेलं नाही.

लळिंगचा घाट उतरलो. किल्ल्यावर ढग बसला होता आणि डोंगर असा हिरवा, की उन्हाळ्यात याच रस्त्यानं नाक झाकून गेलेल्या माणसाला खोटं वाटावं. धुळ्याच्या अलीकडे शेवभाजी मागवली. मी कुट्टनला सांगितलं, जपून. तो म्हणाला, "मॅडम, मैं केरला से है." दुसऱ्या घासाला त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं, चौथ्याला त्यानं ताक मागवलं, आणि सगळं संपवून आणखी एक वाटी मागितली. ढाब्याचा मालक बाहेर येऊन त्याला पाहून गेला.

संध्याकाळी मांडे करणाऱ्या एका बाईंकडे गेलो. पालथ्या खापरावर त्या हातभर लांबीचा मांडा असा टाकत होत्या, जशी आपण पलंगावर चादर टाकतो. मी विचारलं, "कधी फाटत नाही?" त्या म्हणाल्या, "फाटस ना. फाटना की आम्हीन खाई टाकतस." इतकं सरळ उत्तर मला बऱ्याच पंडितांकडून मिळालेलं नाही.

गुरुवार आणि शुक्रवार, असोदा, रावेर

घरच्या कामाला दोन दिवस अवकाश होता, म्हणून जळगाव ओलांडून पूर्वेला गेलो. फिल्मला जमीन दाखवायची होती.

असोद्याला सुपडूभाऊ नावाच्या शेतकऱ्याच्या केळीच्या बागेत सकाळचा प्रकाश धरायचा ठरलं होतं. सातला पोचलो. सूर्य पानांच्या मागून नेमका हवा तसा येत होता. मी तिपाई उघडली आणि सुपडूभाऊंनी ती मिटली.

"आधी जेवा, मंग तुमचं शूटिंग."

"भाऊ, हा प्रकाश पंधरा मिनिटांत जाईल."

"सूर्य उद्या बी येईन, ताई. उपाशी मानसाचा फोटू चांगला येत नाई."

त्या सकाळी कढी आणि डाळीचे वाफवलेले फुनके झाले, भाकरी झाली, ठेचा झाला, आणि प्रकाश गेला. मी मनातल्या मनात चरफडले. मंगोलियात पाहुण्याला आधी प्यायला देतात, जॉर्जियात आधी भाषण ऐकवतात. खान्देशात आधी वाढतात, आणि ताट रिकामं होईपर्यंत जगातलं कुठलंही काम काम नसतं. ही खोड मी विसरले होते. ती तीन दिवसांनी माझ्याच मुळावर येणार होती.

रावेरला मात्र दिवस सोन्याचा निघाला. मागे सातपुड्याची निळी रेघ, पुढे नजर पोचेल तिथवर केळी. कापणारे विळ्याच्या एका घावात घड उतरवत होते आणि खाली उभा असलेला गडी तो खांद्यावर झेलून पळत होता. ट्रॅक्टर, पेट्या, ट्रक, नुसती धांदल. कुट्टन मात्र बागेच्या मधोमध मांडी घालून, डोळे मिटून बसला होता, वाऱ्यात केळीची पानं एकमेकांना घासतात तो आवाज टिपत. नंतर त्यानं एक केळं सोलून खाल्लं. पालघाटच्या माणसाचा केळ्यावरचा निकाल ऐकायला चार-पाच जण जमले.

"अच्छा है," कुट्टन म्हणाला. मग बराच विचार करून, "बहुत अच्छा है."

गड्यांनी टाळ्या वाजवल्या. मलाही उगाच अभिमान वाटला, जणू केळी मी लावली होती.

शनिवार, गावी

आमच्या घरी पोचलो तेव्हा नाना ओट्यावर पाटी मांडून बसले होते. मी अंगावरची धूळही न झटकता कॅमेरा काढला.

मोजणी अशी असते. नाना एकेकाचं नाव घेतात, गव्हाची एक भरलेली मूठ पाटीत सोडतात, आणि वर चिमूटभर. मूठ, चिमूट. म्हणजे सव्वा मूठ. घरातल्या नातवाची पडली, सुरतला गेलेल्या चुलतभावाची पडली. त्याचं तोंड गावानं सहा वर्षांत पाहिलेलं नाही. सुनेच्या कुशीत झोपलेल्या दोन महिन्यांच्या बाळाचीही पडली, तेव्हा बाळ शिंकलं आणि सगळे हसले. मी सगळ्यांचं हसू टिपलं. शेवटची मूठ नानांनी स्वतःच्या नावानं टाकली आणि हात झटकले.

खोटं कशाला बोलू, मला लागलं. कॅमेऱ्यामागे उभं राहायची मला सवय आहे. पण याच ओट्यावर मी रांगले होते, आणि ते हात झटकणं माझ्या छातीत कुठेतरी वाजलं.

नानांची बायको दाराशी बसून गहू निवडत होती. सगळं गाव तिला अक्का म्हणतं, मीही. तिनं माझ्याकडे एकदा पाहिलं, सुपातला खडा काढून अंगणात भिरकावला आणि म्हणाली, "चाल, च्या ली ले."

दळण गिरणीत गेलं. कानबाईच्या आदल्या दिवशी गिरणीवाला गिरणी धुऊन पुसून घेतो आणि त्या दिवशी दुसरं दळण धरत नाही. हे सगळं चित्रित झालं, पण मनासारखं झालं नाही. विजेची घरघर आणि ट्यूबलाइट. "जात्यावर दळलं असतं तर काय बहार आली असती," मी पुटपुटले. अक्कानं ऐकलं. "तू येस का दळाले?" असं विचारून तिनं मला गप्प केलं.

रविवार

पहाटेपासून काम. नारळाला नथ, डोळे, साडी चढली आणि नारळाची कानबाई झाली. चौरंगाभोवती केळीचे खांब उभे राहिले. स्वयंपाकघरात अक्का आणि तिची सून सुनंदा रोट थापत होत्या. डावीकडे पांढऱ्या फडक्याखाली रोट. उजवीकडे, आल्यागेल्यासाठी, साध्या पोळ्यांची चळत. सुनंदानं आम्हाला तीनदा बजावलं होतं: डावीकडं आपलं, उजवीकडं पाहुण्यांचं.

बारा वाजता नैवेद्य झाला, आरती झाली. भाऊबंदांची पंगत बसायला अजून अवकाश होता. मी ओट्यावर माणसांचे चेहरे टिपत होते. कुट्टन मागच्या दाराच्या पायरीवर हेडफोन घालून बसला होता. पाच वाजल्यापासून त्यानं फक्त चहा घेतला होता.

अक्का मागच्या दारानं पाणी आणायला निघाली आणि तिला तो दिसला. एवढा मोठा माणूस, भर सणाच्या दुपारी, दारात उपाशी. पुढचं तिच्या हातानं केलं, डोक्यानं नाही. ती वळली, जवळची चळत उघडली, एक तोडला, त्यावर तूप ओतलं, खिरीची वाटी ठेवली आणि ताटली त्याच्या मांडीवर दिली. कुट्टन कधीच नाही म्हणत नाही.

सुनंदा आत आली तेव्हा डावीकडचं फडकं बाजूला होतं.

"आत्या, हाई काय करं तुम्हीन?"

अक्कानं पाहिलं, फडकं पुन्हा ओढलं आणि खाली बसली. पन्नास सणांत जे झालं नव्हतं ते झालं होतं. कुट्टनच्या ताटलीत फक्त तूप उरलं होतं. तो खूश होऊन म्हणाला, "अम्मा, बहुत अच्छा है," आणि मग सगळ्यांचे चेहरे पाहून घास न गिळताच थांबला.

नाना आले. त्यांच्या मागोमाग मीही ओट्यावरून आत आले. मी कॅमेरा खाली ठेवला. अट मला पाठ होती. मला फिल्म जाताना दिसत होती, आणि त्याहून वाईट म्हणजे अक्काची मान खाली गेलेली दिसत होती.

"नाना, चूक माझी," मी म्हटलं. "मी माणूस आणला, मी त्याला बाहेर जेवायला पाठवायला हवं होतं."

"तू चूप बस," नाना म्हणाले. मग अक्काकडे वळले. "कसं झायं हाई?"

अक्कानं मान वर केली. "भुक्या मानुस दारमा बठेल व्हता. वाढी दिधं. आते सांगा, यामा काय चुकनं?"

भुकेल्याला वाढू नको, असं या घरात कोण म्हणणार? ते बाजेवर बसले, टोपी काढली, पुन्हा घातली. भाऊबंद दाराशी जमले. कुणी म्हणालं, उपास धरा, कुणी म्हणालं, दंड करा. नानांनी कुट्टनला जवळ बोलावलं.

"तुमना नाव काय?"

"कुट्टन."

"बापना?"

"शंकरन."

"शंकर," नानांनी मान डोलवली. त्यांना ते नाव पटलेलं दिसलं. मग ते मोठ्यानं, बाहेर सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "रोट घरना मानुस खास. येनी रोट खादा. म्हंजे हाऊ घरना शे. फक्त येनी मूठ राही गयी. ती टाका, दळा, रोट करा, कानबाईले दखाडा. बस. आनि मूठ पडनी की दरवर्सी येनं पडी, सांगी द्या तेले."

मी सांगायच्या आत कुट्टननं हात जोडले. त्याला मराठी किती कळतं ते मला त्या क्षणी कळलं.

आता मूठ दळायची कुठे? गिरणी बंद. अक्का उठली, कोठीत गेली, आणि पोत्यांमागून तिनं जातं ओढून काढलं. धुतलं, पुसलं, खुंटा ठोकून बसवला. नानांनी माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "आते काब्रं उभी शे? कॅमेरा लाव ना."

आयुष्यात इतक्या घाईनं मी कधी कॅमेरा लावला नसेल. खिडकीतून एकच तिरीप नेमकी जात्यावर पडत होती. ती सरकू लागली म्हणून चौकट पक्की करून मी उजेड जात्यावर परतवायला पांढरा पुठ्ठा समोर धरून दारापाशी उभी राहिले, तोंड खिडकीकडे. नाना माझ्या शेजारी उभे होते. त्यांनी कुट्टनचं नाव घेतलं, पुठ्ठ्यापलीकडे गहू पडल्याचा आवाज आला, आणि जातं फिरू लागलं. अक्का आधी गुणगुणली, मग चक्क गायला लागली. काल ज्याच्यासाठी मी चडफडले होते, ते मला घरच्या चुकीनं आंदण दिलं होतं.

सोमवार, नदी

सोमवारी सकाळी गावातल्या सगळ्या घरांच्या कानबाया निघाल्या. डोक्यावर चौरंग, पुढे ढोल, आणि ज्या बायका एरवी भावजयीशी मोठ्यानं बोलत नाहीत त्या रस्त्याच्या मधोमध फुगड्या घालत होत्या. मी उलट्या पावलांनी चालत चित्रण करत होते. नदीच्या चिखलात एक चप्पल गेली, थोड्या वेळानं दुसरीही गेली. कमरेइतक्या पाण्यात कॅमेरा डोक्यावर धरून मी उभी होते. समोरून अक्का येत होती, नऊवारी ओली, चौरंग डोक्यावर, आणि मागे ढग फाटून सगळी नदी उजळलेली. तीस वर्षांत असा एक क्षण मला मिळाला नव्हता. मी पाण्यात उभी राहून ओरडले. काय ओरडले ते आठवत नाही, पण ते फिल्ममध्ये आहे.

कानबाई पाण्यात गेल्यावर अक्का माझ्यापाशी आली. माझे दोन्ही हात कॅमेऱ्याला, डोळा चौकटीत. तिनं कनवटीतून काहीतरी काढलं, "आ कर" म्हणाली आणि माझ्या तोंडात घातलं. प्रसाद असेल म्हणून मी चावत राहिले. गोड होतं, जाड होतं, थोडं करपलेलं होतं. चव ओळखीची वाटली, पण तेवढ्यात पलीकडे कुणाचा तरी चौरंग उलटला आणि मी तिकडे वळले.

पुणे

संकलनाला बसलो तेव्हा जात्याच्या प्रसंगावर कुट्टननं हात वर केला.

"मॅडम, फिर से."

मी मागे नेलं. त्यानं डोळे मिटले.

"तीन बार गिरा," तो म्हणाला.

मग मी नीट पाहिलं. पडद्यावर फक्त अक्काचा हात. मूठ, चिमूट. दाराकडे एक नजर. पुन्हा मूठ, चिमूट. आणि पुन्हा मूठ, चिमूट. मी चार हात अंतरावर पुठ्ठा धरून, खिडकीकडे बघत उभी होते. ज्या बाईचा धंदा पाहण्याचा, तिनं हे पाहिलं नव्हतं. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही.

तिथूनच फोन लावला.

"अक्का, नानांनी एकच नाव घेतलं. मुठी तीन का टाकल्या?"

"दखाई गयं का तुले?" ती हसली. "एक पाव्हनानी."

"आणि दुसरी?"

"तुनी. नदीवर काय खादं तू, माती का?"

मी डोळे पुसून विचारलं, "मग तिसरी?"

"पन्नास वर्सं रोट थापी राहिनी मी," अक्का म्हणाली. "तिसरी कोनी राही, तूच सांग."

"नानांना माहीत आहे?"

उत्तराऐवजी फोन हलल्याचा आवाज आला आणि नाना बोलले. ते त्या दिवशी दाराशी, माझ्या शेजारीच उभे होते. मी खिडकीकडे पाहत होते. ते जात्याकडे पाहत होते.

"पोरी," ते म्हणाले, "पुढला वरीसले गहू जास्ती लागी. दोन दिवस आधी ये, निवडू लागाले."